सेन्सेईच्या घरचे शिंपले

त्या गावात शूरी कोणी विकत नसे. शूरी म्हणजे काळ्या-जांभळ्या कवचाचे, बोटाएवढे लांब शिंपले. कालवांच्या दोरांवर ते आपोआप वाढत, शेतात तण माजावं तसे, आणि कालवं पोसायची म्हणजे ते खरवडून काढावेच लागत. काढलेले टाकून देणं जिवावर येई, म्हणून जाळीच्या पिशव्यांत भरून शेजारीपाजारी वाटायचे. वसंत आला की आमच्या दारात आठवड्यातून दोनतीनदा अशी ठिबकणारी पिशवी येऊन पडे. आम्ही पुण्याचे, अंडंसुद्धा घरात न आणणारे. आई आधी श्वास रोखून धरायची, मग दारातल्या बाईला वाकून नमस्कार करायची, आणि ती बाई पाठमोरी झाली की माझ्याकडे बघायची. पुढचं काम माझं होतं.

अशाच एका पिशवीतल्या शिंपल्यांनी आमच्या शेजारची चियोआजी गेली. ते शिंपले आमच्या घरातून तिच्याकडे गेले होते आणि पातेलं घेऊन जाणारी मी होते. हे इथेच सांगून टाकते, म्हणजे पुढे लपवाछपवीचा मोह होणार नाही. या आठवणींची बरीच प्रकरणं लिहून झाली. पुण्यातली शाळा झाली, तोक्योतलं कॉलेज झालं, लग्न झालं आणि मोडलंही. प्रत्येक वेळी हे गाव आलं की मी वळसा घालून पुढे जात होते. गावाचं नाव मी आजही लिहिणार नाही. तिथे अजून तिची माणसं राहतात.

जपानच्या ईशान्येचा तो किनारा. डोंगर थेट पाण्यात उतरलेले आणि समुद्र लांबच लांब चिंचोळ्या खाड्यांनी त्यांच्यात शिरलेला. अशा किनाऱ्याला भूगोलात जे नाव आहे ते स्पेनच्या वायव्य कोपऱ्यातून, गालिसियातून आलं, असं बाबा येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत. बाबा सागरी जीवशास्त्राचे संशोधक. लग्नानंतर लगेचच गालिसियातल्या एका छोट्या गावात त्यांनी एक हिवाळा काढला होता. तिथे म्हणे लाकडी तराफ्यांखाली दोर सोडून हेच काळे शिंपले मुद्दाम वाढवतात, डबाबंद करून जगभर विकतात आणि त्यावर अख्खं गाव जगतं. बाबांनी स्वतः तिथे पाव, उकडलेले बटाटे आणि पाल्याच्या सुपावर दिवस काढले. त्या सुपात चरबीचा तुकडा असायचा, तो ते चमच्याने हळूच बाजूला सारत आणि घरमालकिणीला सांगत, फार छान झालंय. ही गोष्ट ते हसत हसत सांगत, आणि आम्हीही हसत असू. आपल्या घरात पुढे काय चालणार आहे त्याची ती तालीम होती, हे तेव्हा कोणाच्या डोक्यात आलं नाही.

आमचं हे गाव त्या गालिसियातल्या गावासारखंच पोटासाठी समुद्रावर अवलंबून होतं, फक्त नशीब पडतं होतं. फार पूर्वी तिथे देवमासे मारत. मारलेल्या देवमाशांच्या आत्म्यांसाठी उभा केलेला एक दगड देवळामागे होता आणि त्याच्यापुढे अजूनही कोणीतरी फुलं ठेवी. मग सार्डिनचे दिवस आले. इतके मासे की तेल काढून उरलेला चोथा खत म्हणून रेल्वेने दूरवरच्या भातशेतीला जाई. मासे गेले, मग डबाबंद माशांचा कारखाना आला, तोही गेला. त्याची चिमणी तेवढी उरली होती आणि तिच्यावर घारी बसत. आम्ही गेलो तेव्हा कालवांवर भागत होतं. पहाटेपासून शेडमध्ये बायका ओळीने उभ्या राहून कालवं फोडत, रबरी हातमोजे, डोक्याला रुमाल, आणि सुरीचा तो कटकट आवाज थेट आमच्या घरापर्यंत चढून येई. तरुण मुलं शाळा संपली की तोक्योची गाडी धरत. माझ्या वर्गात आम्ही बारा जण होतो आणि शिक्षकांना तेवढे म्हणजे पुष्कळ वाटत.

बाबांचं काम विषाचं होतं. वसंतात समुद्रात डोळ्यांना न दिसणारं एक शेवाळ वाढतं, शिंपले ते खातात आणि त्यातलं विष अंगात साठवतात. शिंपल्याला काही होत नाही. वास येत नाही, चव बदलत नाही, उकळून विष जात नाही. शूरी हे विष सगळ्यांत आधी आणि सगळ्यांत जास्त साठवतात. म्हणून बाबा संशोधन केंद्राच्या धक्क्याखाली शूरींच्या जाळ्या टांगून ठेवत, दर आठवड्याला त्यांचा अर्क काढून उंदरांना टोचत आणि उंदीर किती मिनिटांत मरतो ते घड्याळ लावून बघत. अंडं न खाणारा माणूस. आई त्यांना आंघोळ केल्याशिवाय स्वयंपाकघरात पाऊल टाकू देत नसे. गावाला मात्र त्यांचं कोण कौतुक. सगळे त्यांना सेन्सेई म्हणत, म्हणजे गुरुजी. सेन्सेई म्हणाले की खायचं, सेन्सेई नको म्हणाले की थांबायचं. कालवांच्या शेडमधल्या बायका रस्त्यात दिसल्या तर बाबांना इतक्या वाकून नमस्कार करत की बाबा घाईघाईने सायकलवरून उतरत.

आईला मात्र त्या गावाने पहिलं वर्षभर नुसतं रडवलं. साडीवर दोन स्वेटर, पायात लोकरी मोजे, आणि दुकानात गेलं तर प्रत्येक वस्तूत मासा. लोणच्यात मासा, भाजीच्या रश्शात मासा, बिस्किटावरसुद्धा सुकी कोळंबी. पुण्याहून आणलेली डाळ ती चमच्याने मोजून घेई. बेसन संपलं तेव्हा तिने भाजलेल्या सोयाबीनच्या पिठाचं पिठलं केलं आणि आम्ही तिघांनी एकमेकांकडे न बघता ते संपवलं. बकव्हीटच्या पिठाची थालिपीठं मात्र झकास होत. जपानी तिला येत नव्हतं आणि येईल अशी लक्षणंही नव्हती. फोन वाजला तर "हाय, हाय", म्हणजे हो, हो, म्हणायचं, माणूस आलं तर "अरिगातो गोझाइमासु", म्हणजे खूप आभार, म्हणायचं, एवढ्यावर तिने दोन वर्षं काढली. बाकी सगळं माझ्या तोंडून. मी तेरा-चौदा वर्षांची, शाळेत तिथल्या कोळ्यांची बोली उचललेली. शाळेतलं पत्र, विजेचं बिल, दवाखाना, शेजारच्यांच्या गप्पा, सगळं आधी माझ्या कानात शिरे आणि मग मला वाटेल तेवढं मराठीत बाहेर येई. काय सांगायचं आणि काय गाळायचं हे माझ्या हातात होतं. त्या वयात असा अधिकार कोणाला देऊ नये. आज मी तोक्योच्या फुनाबोरी भागातल्या नव्या मराठी कुटुंबांबरोबर दवाखान्यात दुभाषी म्हणून जाते आणि डॉक्टरचं एकही वाक्य गाळत नाही. लोक म्हणतात, ताई फार काटेकोर आहेत.

चियोआजीचं घर आमच्या घराखाली, पंधरावीस पायऱ्या उतरून. ऐंशीच्या घरातली, कमरेत पार वाकलेली, पण जिभेने सरळ. चियोआजी हे नाव आईने ठेवलं. ती एकटी राहायची; मुलगा केन्जी-सान कालवांचे तराफे सांभाळायचा आणि बायकामुलांसह धक्क्याजवळ राहायचा. आम्ही शिंपले खात नाही हे अख्ख्या गावात तिला एकटीला माहीत होतं. झालं असं की पहिल्याच वसंतात आईने मला शिंपल्यांची पिशवी अंधार पडल्यावर पुरून टाकायला पाठवलं आणि आजीने मला तिच्या मुळ्याच्या वाफ्यात खड्डा खणताना पकडलं. मी रडत रडत सगळं सांगितलं. ती हसून हसून खाली बसली. मग तिने तोडगा काढला. आलेलं सगळं गुपचूप तिच्याकडे आणायचं, ती ते खाईल आणि चव कशी होती ते मला सांगेल, म्हणजे देणारीने विचारलं तर मला सांगता येईल.

त्यामुळे त्या गावातलं सगळं खाणं मला पाठ आहे आणि त्यातलं काहीही मी चाखलेलं नाही. फेब्रुवारीतलं कालव जिभेवर लोण्यासारखं पसरतं. होया नावाचा लाल, काटेरी, अननसासारखा दिसणारा प्राणी आधी कडू लागतो, मग खारट, मग गोड, आणि वर पाणी प्यायलं की आणखी गोड. शूरींचा रस्सा दुधासारखा पांढरा होतो, त्यात मिसो, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचा खारट लगदा, कमी घालायचा. मी हे रस्त्यात बायकांना अशा तोऱ्यात सांगे की त्या म्हणत, सेन्सेईच्या घरी खाण्याची काय जाण आहे. आणि दुसऱ्या दिवशी दुप्पट आणून देत. आजी पातेलं कधी रिकामं परत करायची नाही. त्यात मुळ्याचं लोणचं, एखादं पर्सिमनचं फळ, नाहीतर नुसती तिच्या वाफ्यातली पात असायची. आई म्हणायची, बघ, आपल्यासारखंच आहे यांचं. मग आई तिला मऊ भात आणि मेतकूट द्यायची. आजी त्याला पिवळी पूड म्हणायची, आणि सर्दी झाली की निरोप पाठवून मागवायची. दोघींना एकमेकींचा शब्द कळत नसे. तासन् तास व्हरांड्यात शेजारी बसून वाल सोलावेत तशा त्या तिथल्या शेंगा सोलत बसायच्या, ही मराठीत, ती तिच्या बोलीत. माझी तिथे कोणाला गरज नसायची. आईला त्या देशात एवढी एकच मैत्रीण होती.

तो शनिवार होता आणि शाळेला सुट्टी होती. तोशिको-सान सकाळी शूरींची पिशवी घेऊन आल्या. त्या कालवांच्या शेडमधल्या मुकादम, जाडजूड, मोठ्या आवाजाच्या, मला लाडाने मीना-चान म्हणणाऱ्या. तराफ्यावरून आत्ताच काढलेत, मोसम संपायच्या आत खाऊन घ्या, म्हणाल्या. आईने हात जोडले. मी शिंपले पातेल्यात ओतले, पायऱ्या उतरून आजीकडे दिले. तिने ते लगेच तिच्या टोपलीत काढले, पातेलं विसळलं, चार कांद्याच्या पाती त्यात ठेवल्या आणि सांगितलं की आज दुपारी भाताबरोबर करीन. साडेअकरा वाजले असतील.

माझं कशात लक्ष नव्हतं. त्या दिवशी वर्गातल्या दोन मुलींनी मला त्यांच्याबरोबर शेजारच्या शहरात सिनेमाला बोलावलं होतं. दोन वर्षांत पहिल्यांदा. बस साडेबाराची, आणि त्यानंतर थेट चारला. मी तीनदा केस विंचरले.

बाराला गावातला भोंगा वाजला. खांबावर बसवलेले असे भोंगे जपानात सगळीकडे असतात. इथे फुनाबोरीत संध्याकाळी पाचला त्यातून एक गोड चाल वाजते आणि पार्कमधली पोरं घरी पळतात. मी अजूनही तो सुरू झाला की हातातलं काम थांबवते. त्या दिवशी गावात बाराच्या चालीच्या आधी एका बाईचा सावकाश आवाज आला. शिंपल्यांत विष सापडलं आहे. कालवं, शूरी, कुठलेही शिंपले आजपासून काढू नयेत, काढलेले खाऊ नयेत. हे दोनदा सांगितलं. मी आरशापुढे उभी होते. मला वाटलं, बाबांचे उंदीर मेलेले दिसतात. आणि मग वाटलं, आपल्याला काय, आपण खातच नाही.

दहाएक मिनिटांनी फोन वाजला. मी घेतला. तोशिको-सान धापा टाकत होत्या. "मीना-चान का? सकाळचे शूरी खाल्ले का गं?" मी म्हटलं, नाही. "देवा. खाऊ नका, पुरून टाका, कुत्र्यालासुद्धा देऊ नका. आईला सांग हं नीट." मी म्हटलं, हो, सांगते. ते आजीला दिलेत हे वाक्य माझ्या तोंडात तयार होतं. पण दोन वर्षं मी त्यांना पांढऱ्या रश्शाची चव सांगत आले होते. ते वाक्य बोलले असते तर सगळं खोटं एका दमात बाहेर पडलं असतं, आणि त्यानंतर प्रश्न, आणि त्यानंतर बस. मी फोन ठेवला.

आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "काय गं, कोण होतं?"

"तोशिको-सान. शिंपले आवडले का विचारत होत्या."

एवढं मी म्हटलं. खरं सांगितलं असतं तर आईने मला तिथल्या तिथे खाली पिटाळलं असतं. जायचं, सांगायचं आणि परत चढून यायचं, पाच मिनिटांचं काम. मी एक चप्पल पायात घातलीही होती. मग दारातून मला तो भोंग्याचा खांब दिसला. तो आजीच्याच कुंपणाला लागून होता. मला ऐकू आलं तर तिला आलंच असेल. ऐंशी वर्षं ती या समुद्राचं खाते आहे, तिला मी काय शिकवणार? हा विचार तेव्हा खरा वाटला होता की बसच्या घाईत मी तो खरा करून घेतला, हे मला आजही नक्की सांगता येत नाही. चप्पल काढून मी बूट घातले.

बस वळणावरून खाली उतरते तिथे चियोआजीचं स्वयंपाकघर अगदी रस्त्याला लागून आहे. खिडकीच्या काचेला आतून वाफ धरलेली होती. मी ती पाहिली. मुली काहीतरी बोलल्या आणि मी हसले. सिनेमा काय होता ते मला आठवत नाही.

परत आले तेव्हा पाच वाजून गेले होते. आजीच्या दारात पाचसात माणसं उभी होती आणि कोणी मोठ्याने बोलत नव्हतं. केन्जी-सान तीन वाजता चहाला आले तेव्हा ती म्हणाली होती, ओठांना मुंग्या येतायत. मग बोटांना. मग पाय उचलेनात. इस्पितळ डोंगरापलीकडे, दीड तासाच्या वाटेवर. ती पूर्ण शुद्धीत होती, सगळं कळत होतं, पण अर्ध्या वाटेत तिची जीभ गेली आणि पोचण्यापूर्वी श्वास. हे विष असंच मारतं. बाबांच्या तोंडून उंदरांबद्दल मी ते कितीदा ऐकलं होतं.

बाबा घरी आले ते बूट न काढता उंबऱ्यातच बसले. आईने रडत रडत त्यांना सांगितलं की शिंपले आपल्याकडून गेले. त्यांना यातलं काही माहीत नव्हतं. आपल्या घरी शिंपले येतात आणि ते दुसरीकडे जातात, हे दोन वर्षं त्या विषाचा अभ्यास करणाऱ्या माणसाला आम्ही सांगितलं नव्हतं, कारण ते ऐकून त्यांना गावापुढे ओशाळं वाटलं असतं. ते पुन्हा पुन्हा एकच म्हणत राहिले, "अगं, मीच कळवलं सकाळी. उंदीर चार मिनिटांत गेला. मीच फोन केला मच्छीमार सोसायटीला." मग त्यांनी मला विचारलं, भोंगा ऐकलास का? मी म्हटलं, नाही, मी बसथांब्यावर होते. आई म्हणाली, तिला कशाला विचारता, लहान आहे ती.

आरोग्य खात्याची माणसं आली, कागद भरून गेली. शेजारधर्माने दिलेले शिंपले, विक्री नाही, गुन्हा नाही. आम्हाला कोणी एक वाकडा शब्द बोललं नाही. अंत्यविधीला आई काळी साडी नव्हती म्हणून गडद निळी नेसली आणि सगळ्यांत मागे बसली. तिला चियोआजीचा चेहरा बघायचा होता, पण पुढे जायची तिची हिंमत झाली नाही.

आठव्या दिवशी सकाळी केन्जी-सान आमच्या घरी आले, बरोबर तोशिको-सान. बाबा जबाब द्यायला जिल्ह्याच्या गावी गेले होते. आईने त्यांना बसवलं, चहा केला. केन्जी-सान पन्नाशीचे, उन्हाने काळवंडलेले, कमी बोलणारे. गुडघ्यांवर हात ठेवून ते चटईकडे बघत राहिले. मग म्हणाले, माझ्या आईने भोंगा ऐकला होता. मी तिला गाडीत विचारलं, ऐकलास तरी का खाल्लंस. ती म्हणाली, ते बाहेरच्या शिंपल्यांबद्दल. हे तर सेन्सेईच्या घरचे.

मी हे आईला भाषांतर करून सांगितलं नाही. आई माझ्या तोंडाकडे बघत होती.

मग त्यांनी विचारलं, "त्या दिवशी तोशिको-साननी इथे फोन केला होता. टाकून द्या म्हणून सांगितलं होतं. त्या म्हणतात लाइनमध्ये खरखर होती, आई बोलली की मुलगी ते कळलं नाही. मला भांडायचं नाही. फक्त कोणी घेतला ते कळलं तर बरं वाटेल."

लाइनमध्ये काही खरखर नव्हती. तोशिको-साननी मला नावाने हाक मारली होती. मी तोशिको-सानकडे पाहिलं तर त्या चहाच्या कपात बघत होत्या. त्यांनी माझ्यासाठी एक फट ठेवली होती. मी काही बोलले नसते, नुसती रडले असते, तरी त्यांनी ते निभावून नेलं असतं असं मला आता वाटतं. पण मी बोलले. स्वच्छ, अदबशीर, शाळेतल्या जपानीत बोलले.

"आईने घेतला. आईला जपानी कळत नाही. ती फोनवर नुसतं हाय, हाय म्हणते."

आपला विषय निघालाय एवढं आईला कळलं. "काय म्हणतायत गं ते?" तिने हळूच विचारलं.

मी म्हटलं, "आजीला तू इतका जीव लावलास, त्याबद्दल आभार मानतायत."

आईचे डोळे भरून आले. आठ दिवसांत पहिल्यांदा कोणीतरी तिला बरं बोललं होतं. तिने केन्जी-सानकडे बघून हात जोडले, आणि डोळ्यांत पाणी असतानाच ती हसली, मनापासून, चेहरा उजळून, आणि म्हणाली, "अरिगातो गोझाइमासु." केन्जी-सान तिच्याकडे बराच वेळ बघत राहिले. मग त्यांनी वाकून नमस्कार केला, चहा न पिताच उठले आणि गेले. दारात बूट घालताना तोशिको-साननी माझ्याकडे एकदा पाहिलं. त्यात राग असता तर मला बरं वाटलं असतं. त्यांनी मान खाली घातली आणि दार हलकेच ओढून घेतलं.

त्यानंतर आमच्या दारात कोणी काही आणून ठेवलं नाही. आई रस्त्याने जाताना बायका नमस्कार करत, थोड्या लांबून. तिला वाटे, दुःखात आहेत. पुढच्या मार्चमध्ये बाबांचं काम वाढवलं गेलं नाही. कारण कोणी सांगितलं नाही, बाबांनीही विचारलं नाही. आम्ही तोक्योजवळ इचिकावाला आलो. बाबांनी पुन्हा कधी विषावर काम केलं नाही. एका कंपनीत पाणी तपासायचं काम करत ते निवृत्त झाले. आई मात्र पुण्याला गेली की माहेरी सगळ्यांना सांगायची, तिकडची माणसं काय मनाची असतात म्हणून सांगू, आपल्या हातून त्यांची आई गेली तरी मुलगा घरी येऊन आभार मानून गेला. मामा, मावश्या हळहळायच्या. मी तिथेच बसलेली असायचे.

इथपर्यंत लिहून झालं तेव्हा मी पानं आईला दिली. बाबा आता नाहीत, ती माझ्याकडे फुनाबोरीत असते. माझं सगळं लिखाण ती आधी वाचते, लाल पेनने ऱ्हस्व-दीर्घ दुरुस्त करते आणि वर शेरा मारते. हे प्रकरण तिने दोन दिवस ठेवून घेतलं. परत दिलं तेव्हा त्यावर एकही खूण नव्हती. दुपारची वेळ होती, खालच्या शाळेतली मुलं मैदानात ओरडत होती, आणि ती बाल्कनीच्या दारात खुर्ची घेऊन बसली होती. मी तिच्या पायाशी बसले. म्हटलं, आई, मला काहीतरी बोल, काय वाटेल ते बोल.

तिने फोनबद्दल विचारलं नाही. बसबद्दलही नाही. म्हणाली, "त्यांना वाटलं, फोन मी घेतला."

"हो."

"आणि तेव्हा तू मला सांगितलंस की ते आभार मानतायत."

"हो, आई."

तिने चष्मा काढून मांडीवर ठेवला. 

"म्हणजे त्यांची आई माझ्यामुळे गेली असं ते ऐकत होते," ती म्हणाली, "आणि मी त्यांच्याकडे बघून हसले गं."